घरच्या सर्व्हरवरच्या ट्रिलियमचं छोटं अपडेट : पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी

आमच्या घरचं ट्रिलियम (नोंदी ठेवायचं सॉफ्टवेअर) एका जुन्या लॅपटॉपवर चालतं. चोपडा तालुक्यातलं गाव, माडीवरची खोली, देव्हाऱ्याच्या बाजूचा कोनाडा. लॅपटॉपचा कीबोर्ड कधीच गेलाय, स्क्रीनवर उभी हिरवी रेघ आहे. पण डोकं शाबूत आहे, म्हणून त्याचा सर्व्हर केला. त्यात केळीच्या बागेचा सगळा हिशेब आहे. मृगबाग (पावसाळ्याच्या सुरुवातीची लागवड) कधी लावली, कांदेबागेला (पावसाळ्यानंतरची लागवड) खताचा कोणता डोस कधी दिला, रावेर आणि बऱ्हाणपूरचे भाव, कोणत्या ओळीत सीएमव्ही (केळीवरचा विषाणूजन्य रोग) दिसला आणि किती झाडं उपटून बांधाबाहेर पुरली. सातबाराचे स्कॅन आहेत. आईने सांगितलेल्या अखाजीच्या गाण्यांची टिपणंही त्यातच आहेत, आणि ती दुसरीकडे कुठेही लिहिलेली नाहीत.

म्हणून 'छोटं अपडेट आलंय' असं दिसलं की आता मी लगेच हात लावत नाही. पूर्वी लावायचो. एकदा तर असा लावला की आप्पा (माझे काका, बागेचं सगळं तेच बघतात) दारात उभे राहून विचारत होते, "बठ्ठं गयं का रे?" (सगळं गेलं का रे?) गेलं काहीच नव्हतं, पण ते कळायला मला रात्रीचे दोन वाजले. तुमचे वाजू नयेत म्हणून हे लिहितोय.

एक आधीच सांगतो. कमांड मी बोलताना म्हणतो तशाच इथे लिहिल्यात. टर्मिनलवर टाकताना त्या अर्थातच इंग्रजी स्पेलिंगने टाका. मी धरून चाललोय की तुमचं ट्रिलियम डॉकरमध्ये (सॉफ्टवेअर 'कंटेनर' नावाच्या वेगळ्या डब्यात चालवणारं साधन), कंपोज फाइल (तो डबा कसा चालवायचा ते लिहिलेली फाइल) वापरून चालतंय आणि तुम्ही ते यापूर्वी कधी अपडेट केलेलं नाही.

हाताशी काय काय हवं

- सर्व्हरचा लॉगिन आणि ट्रिलियमचा पासवर्ड, दोन्ही. 'ब्राउझरमध्ये सेव्ह आहे' म्हणू नका, वहीत लिहून ठेवा.
- कंपोज फाइल नेमकी कोणत्या फोल्डरमध्ये आहे, त्याचा पूर्ण पत्ता.
- डेटा कोणत्या फोल्डरमध्ये आहे, त्याचाही पूर्ण पत्ता.
- पेन ड्राइव्ह किंवा बाहेरची डिस्क. पेन ड्राइव्ह फॅट३२ असेल तर त्यावर ४ जीबीपेक्षा मोठी एक फाइल बसत नाही. ट्रिलियम फोटो, पीडीएफ सगळं एकाच डेटाबेस फाइलमध्ये ठेवतं, त्यामुळे स्कॅन भरपूर असतील तर ही अडचण येतेच. एक्सफॅट करून घ्या.
- अर्धा-पाऊण तास. अपडेटला पाच मिनिटं लागतात, बाकीचा वेळ तयारीचा.

१. आधी आकडे वाचा

ट्रिलियमच्या मेनूत 'अबाउट' उघडा. तिथे तीन आकडे दिसतील : ॲपची आवृत्ती, डीबी आवृत्ती आणि सिंक आवृत्ती. बहुतेक जण पहिलाच बघतात. खरे कामाचे पुढचे दोन.

डीबी आवृत्ती म्हणजे तुमच्या डेटाबेसच्या रचनेचा क्रमांक. नवी आवृत्ती पहिल्यांदा सुरू झाली की जुना डेटाबेस ती स्वतःच नव्या रचनेत आणते, आणि मग जुनी आवृत्ती तो उघडायला नकार देते. रस्ता एकमार्गी आहे. सिंक आवृत्ती म्हणजे सर्व्हर आणि डेस्कटॉप एकमेकांशी ज्या भाषेत बोलतात तिचा क्रमांक. दोन्हीकडे तो सारखा नसेल तर बोलणं बंद. तिन्ही आकड्यांचा फोटो काढून ठेवा, पुढे लागेल.

ॲपच्या आवृत्तीतही तीन तुकडे असतात. शेवटचा तुकडा बदलला तर ती सहसा चुकांची दुरुस्ती असते. मधला बदलला तर नवीन गोष्टी आल्या असं समजा. पहिला आकडा शून्य असलेल्या सॉफ्टवेअरमध्ये मधला आकडा हलला की काहीही हलू शकतं, त्यामुळे त्याला 'छोटं' म्हणताना जरा जपून. काय बदललं ते आवृत्तीच्या टिपणात लिहिलेलं असतं. सगळं वाचायची गरज नाही. 'ब्रेकिंग', 'मायग्रेशन' आणि 'सिंक' हे तीन शब्द शोधा आणि तेवढ्याच ओळी दोनदा वाचा.

जुन्या मंडळींसाठी एक वेगळी सूचना. मूळ ट्रिलियमच्या लेखकाने २०२४ च्या सुरुवातीला नवीन काम थांबवून प्रकल्प फक्त देखभालीपुरता ठेवला, आणि समुदायाने 'ट्रिलियमनेक्स्ट' नावाने तो पुढे नेला. तुमच्याकडे अजून मूळची ०.६३.७ असेल, तर तिच्याशी जुळणारी ट्रिलियमनेक्स्टची शेवटची आवृत्ती ०.९०.४. त्यानंतर सिंकचा क्रमांक वाढवला गेला. म्हणजे सर्व्हर एकदम नव्यावर आणि डेस्कटॉप जुन्यावर असा संसार चालणार नाही. ही उडी छोट्या अपडेटमध्ये धरू नका, तिच्यासाठी रविवार मोकळा ठेवा.

२. सगळी यंत्रं सिंक करून घ्या

डेस्कटॉप ॲप वापरत असाल तर प्रत्येक मशीनवर तुमच्या नोंदींची पूर्ण प्रत असते. सर्व्हर त्या प्रतींचा मेळ घालतो. त्यामुळे अपडेटच्या आधी प्रत्येक मशीन एकदा चालू करा, नेटवर आणा आणि सिंकच्या चिन्हावर माउस नेऊन 'सगळे बदल सिंक झाले' असं लिहून येतंय ना ते बघा. 'काही बदल बाकी' असं असेल तर चिन्हावर क्लिक करा आणि थांबा.

शेतातला लॅपटॉप विसरू नका. आमचा विहिरीवरच्या खोलीत असतो, तिथे मोबाइलची रेंज आली तर आली. एकदा त्यात अकरा दिवसांच्या नोंदी अडकलेल्या असताना मी घरचा सर्व्हर नव्या आवृत्तीवर नेला. नोंदी शेवटी मिळाल्या. तो लॅपटॉपही त्याच आवृत्तीवर नेला आणि सिंक पुन्हा सुरू झालं. पण मधले दोन दिवस कटाईचा हिशेब कुठे आहे हे व्यापाऱ्याला सांगता येत नव्हतं.

३. बॅकअप घ्या, आणि घराबाहेर न्या

ट्रिलियम रोजचा, आठवड्याचा आणि महिन्याचा बॅकअप आपोआप घेतं. ऐकायला छान वाटतं. पण हे बॅकअप डेटा फोल्डरमधल्याच 'बॅकअप' फोल्डरमध्ये, म्हणजे त्याच डिस्कवर पडतात, आणि नवा आला की त्याच नावाचा जुना पुसला जातो. घराला आग लागली तर पाण्याचा माठही आतच.

म्हणून : सेटिंगमध्ये 'बॅकअप' विभागात जा आणि 'आत्ता बॅकअप घ्या' या अर्थाचं बटण दाबा. मग ती नवी फाइल पेन ड्राइव्हवर कॉपी करा. फाइलच्या नावात तारीख आणि ॲपची आवृत्ती घाला. सहा महिन्यांनी नुसतं 'बॅकअप-नवीन' बघून काही कळत नाही, माझ्याकडे अशा नावाच्या तीन फाइली आहेत.

इथे बऱ्याच जणांची एक चूक होते. बॅकअपचं बटण न दाबता ते चालू सर्व्हरमधली 'डॉक्युमेंट' नावाची डीबी फाइल सरळ कॉपी करतात. तिच्या शेजारी त्याच नावाच्या, शेवटी 'डब्ल्यूएएल' आणि 'एसएचएम' असलेल्या आणखी दोन फाइली असतात. ताजे बदल काही वेळ त्या डब्ल्यूएएल फाइलमध्येच असतात. मुख्य फाइल एकटी उचललीत तर शेवटच्या नोंदी मागे राहतात. सरळ कॉपीच करायची असेल तर आधी कंटेनर थांबवा, मग पूर्ण फोल्डर उचला.

आणि संरक्षित नोंदी असतील तर त्या बॅकअपमध्येही कुलूपबंदच जातात. पासवर्ड हरवला तर बॅकअप असूनही त्या उघडणार नाहीत.

४. लाईट आणि नेट

पुण्या-मुंबईकडच्या लेखांत ही पायरी नसते. आपल्याकडे हवी. मे महिन्यात जळगाव-भुसावळ पंचेचाळीसच्या वर गेलं की लाईट केव्हा जाईल याचा नेम नाही. डेटाबेस नव्या रचनेत जात असताना मशीन बंद पडलं तर बहुतेक वेळा काही बिघडत नाही, त्या डेटाबेसची घडणच अर्धवट काम मागे घेण्याची आहे. पण जुन्या डिस्कवर आणि मेमरी कार्डवर मी विश्वास ठेवत नाही. लॅपटॉपची बॅटरी निदान अर्धा तास टिकते का ते बघा, राउटर इन्व्हर्टरवर घ्या. मी अपडेट सकाळी सहाला करतो. हवा गार असते, लाईट टिकते आणि आप्पा बागेत गेलेले असतात.

नव्या आवृत्तीची इमेज (ज्यातून कंटेनर बनतो तो तयार साचा) काही शे एमबीची असते. मोबाइलच्या हॉटस्पॉटवर असाल तर रोजचा कोटा संपायच्या आत डाउनलोड होऊ द्या.

५. कंपोज फाइल उघडून तीन ओळी तपासा

पहिली, इमेजचं नाव. हे नाव आतापर्यंत दोनदा बदललंय. सुरुवातीला मूळ लेखकाच्या खात्याचं होतं (झेड-ए-डी-ए-एम, पुढे तिरकी रेघ, ट्रिलियम). मग 'ट्रिलियमनेक्स्ट', तिरकी रेघ, 'नोट्स' झालं. आता 'ट्रिलियमनेक्स्ट', तिरकी रेघ, 'ट्रिलियम' आहे. तुमच्या फाइलमध्ये जुनं नाव असेल तर गंमत अशी की अपडेट करताना एकही चूक दाखवली जात नाही. सगळं ताजं आहे असं उत्तर येतं आणि तुम्ही त्या नावाच्या शेवटच्या आवृत्तीवर बसून राहता. एक ओळखीचा मास्तर वर्षभर असा बसला होता आणि 'आमचं ट्रिलियम फार स्थिर आहे' असं सगळ्यांना सांगायचा.

दुसरी, नावापुढच्या विसर्गासारख्या चिन्हानंतरचा (इंग्रजी कोलन) टॅग. तिथे 'लेटेस्ट' असेल तर काढा आणि नेमका आवृत्तीचा आकडा लिहा. 'लेटेस्ट' म्हणजे आज एक, उद्या दुसरं. परत फिरायची वेळ आली तर कुठे परत जायचं हेच माहीत नसतं. वॉचटॉवरसारखं आपोआप अपडेट करणारं काही लावलं असेल, तर ट्रिलियमला त्यातून वगळा.

तिसरी, डेटा फोल्डरचा पत्ता. कोलनच्या उजवीकडे कंटेनरच्या आतला पत्ता असतो : होम, नोड, ट्रिलियम-डेटा. त्याला हात लावायचा नाही. डावीकडे तुमच्या मशीनवरचा पत्ता असतो. तो टिंब आणि तिरकी रेघ यांनी सुरू होत असेल, म्हणजे 'या फोल्डरच्या आत' असा सापेक्ष असेल, तर आत्ताच बदलून मुळापासूनचा पूर्ण पत्ता लिहा. का, ते सातव्या पायरीत.

६. अपडेट

कंपोज फाइलच्या फोल्डरमध्ये जा. 'डॉकर कंपोज पुल'. डाउनलोड संपलं की 'डॉकर कंपोज अप', पुढे जागा, उणे, डी. मग 'डॉकर कंपोज लॉग्ज', उणे, एफ, आणि ओळी वाचत बसा. मायग्रेशनच्या ओळी सरकतील, शेवटी ८०८० पोर्टवर ऐकतोय असं येईल. झालं.

'डॉकर' आणि 'कंपोज' यांच्यात आडवी रेघ घालायची जुनी सवय असेल तर मोडा. ते जुनं स्वतंत्र साधन आहे, २०२३ च्या जुलैपासून त्याला अपडेट मिळत नाहीत.

आणि 'डॉकर कंपोज डाउन' द्यायची वेळ आलीच तर त्यापुढे उणे व्ही कधीही लावू नका. कुठल्या तरी व्हिडिओत 'साफ होण्यासाठी लावा' असं सांगितलेलं असतं. तुमचा डेटा साध्या फोल्डरऐवजी डॉकर स्वतः सांभाळतो अशा, नाव दिलेल्या व्हॉल्यूममध्ये (साठवणीच्या जागेत) असेल तर तोही साफ होतो.

७. 'मी नवीन वापरकर्ता आहे' ही पाटी दिसली तर

ब्राउझर उघडला आणि तुमच्या नोंदींच्या झाडाऐवजी पांढऱ्या पानावर तीन पर्याय दिसले. मी नवीन वापरकर्ता आहे, नवा दस्तऐवज तयार करायचाय. माझ्याकडे डेस्कटॉपवर आधीच आहे. माझ्याकडे सर्व्हरवर आधीच आहे.

आप्पा दारात उभे होते ती रात्र हीच. घाबरून मी पहिला पर्याय दाबला, म्हटलं आत गेल्यावर नोंदी दिसतील. आत ट्रिलियमची नमुन्याची चार पानं. आमची एक ओळ नाही.

झालं असं होतं की त्याच दुपारी मी घरातली फोल्डरं नीट लावली होती. कंपोज फाइल दुसऱ्या फोल्डरमध्ये हलवली, डेटा फोल्डर जुन्याच जागी. फाइलमध्ये पत्ता सापेक्ष होता. डॉकरने नव्या जागी डेटा फोल्डर शोधलं, मिळालं नाही, तर बिचाऱ्याने स्वतःच एक रिकामं तयार केलं आणि ट्रिलियमला तेच दिलं. चूक म्हणून काही दाखवलं नाही, कारण त्याच्या लेखी चूक झालीच नव्हती. दोष मी अपडेटला देत होतो.

त्यातल्या त्यात नशीब असं की डेस्कटॉपने त्या नव्या रिकाम्या सर्व्हरशी सिंक करायलाच नकार दिला. प्रत्येक दस्तऐवजाची आपली एक गुप्त खूण असते, ती जुळली नाही. त्या रात्री तो नकार मला आणखी एक संकट वाटला. आता कळतं की त्याच्यामुळेच रिकामं आणि भरलेलं एकत्र मिसळलं नाही.

तुम्हाला ही पाटी दिसली तर एकही पर्याय न दाबता टॅब बंद करा. 'डॉकर कंपोज डाउन' द्या, उणे व्ही न लावता. मग मशीनवर 'डॉक्युमेंट' डीबी फाइल शोधा आणि तिचा आकार बघा. वर्षानुवर्षांची फाइल शेकडो एमबीची असते, रिकामी अगदीच लहान. मोठी फाइल जिथे सापडेल तो फोल्डर तुमचा खरा डेटा. तोच पूर्ण पत्ता कंपोज फाइलमध्ये घाला आणि पुन्हा 'अप' करा.

पत्ता बरोबर आहे आणि तरी लॉगमध्ये परवानगी नाकारल्याच्या ओळी येत असतील, तर त्या फोल्डरचा मालक बघा. कंटेनर सहसा १००० क्रमांकाच्या वापरकर्त्याच्या नावाने चालतो. तुमच्या फोल्डरचा मालक रूट (मशीनचा सर्वाधिकारी वापरकर्ता) झाला असेल तर तो बदलावा लागेल. पेन ड्राइव्हवरून फाइली रूट होऊन परत आणल्या की हे हमखास होतं.

८. डेस्कटॉप मागे सोडू नका

सर्व्हर वर गेला. आता 'अबाउट' पुन्हा उघडा आणि सिंकचा आकडा पहिल्या फोटोशी ताडून बघा. तोच असेल तर डेस्कटॉप सवडीने अपडेट करा. बदलला असेल तर आजच, सगळे. नाहीतर डेस्कटॉपवर 'सिंक आवृत्ती जुळत नाही, दोन्हीकडे एकच आवृत्ती ठेवा' अशा अर्थाचा निरोप येत राहील. नोंदी त्या मशीनवर लिहिल्या जातात, पण पुढे जात नाहीत.

विंडोज ७ वाल्यांनी मात्र इथे थांबा. डेस्कटॉप ॲप इलेक्ट्रॉनवर (डेस्कटॉप ॲप बनवायच्या तयार सांगाड्यावर) बांधलेलं आहे आणि इलेक्ट्रॉनने २३ व्या आवृत्तीपासून विंडोज ७ आणि ८ ला सोडलंय. आमच्या भावाच्या कृषी सेवा केंद्रात बिलिंगचं मशीन विंडोज ७ वर आहे आणि बिलिंगच्या सॉफ्टवेअरमुळे ते तसंच राहणार. तिथे नवं ट्रिलियम उघडलंच नाही, म्हणून ब्राउझरमधून सर्व्हर उघडायची सवय लावली. फक्त नेट गेलं की नोंदीही गेल्या, हे त्याला दोनदा समजावावं लागलं.

मोबाइलवर ब्राउझरमधून वापरत असाल आणि पान अर्धवट किंवा वाकडं दिसत असेल तर आधीच सर्व्हरला दोष देऊ नका. ब्राउझरने जुन्या फाइली धरून ठेवलेल्या असतात. त्या साइटचा साठा पुसा, पुन्हा लॉगिन करा.

९. मागे फिरायचं असेल तर

कंपोज फाइलमध्ये जुना आकडा लिहून 'अप' केलं की झालं, असं नाही. डेटाबेस नव्या रचनेत गेलेला असेल तर जुनी आवृत्ती 'डेटाबेस माझ्यापेक्षा नवा आहे' म्हणून बंद पडेल. क्रम असा ठेवा :

कंटेनर थांबवा. सध्याचा पूर्ण डेटा फोल्डर दुसऱ्या नावाने बाजूला कॉपी करून ठेवा, तोही लागू शकतो. मूळ फोल्डरमधून 'डॉक्युमेंट' डीबी आणि तिच्या शेजारच्या डब्ल्यूएएल व एसएचएम या तिन्ही फाइली काढा. नुसती मुख्य फाइल बदलून जुनी डब्ल्यूएएल तिथेच ठेवलीत तर नव्या घरात जुनं सामान घुसल्यासारखं होईल. मग तिसऱ्या पायरीतली बॅकअप फाइल तिथे ठेवून तिचं नाव 'डॉक्युमेंट' डीबी करा. आता जुना आकडा लिहून 'अप'.

तुमचा बॅकअप घ्यायचा राहिला असेल तर 'बॅकअप' फोल्डरमध्ये नावात 'बिफोर मायग्रेशन' असलेली फाइल आहे का बघा. रचना बदलण्याआधी ट्रिलियम स्वतः एक प्रत काढून ठेवतं. तिच्या भरवशावर मात्र राहू नका.

१०. आठवडाभर काही पुसू नका

नवी आवृत्ती नीट चालली की डिस्क साफ करायचा मोह होतो. जुनी इमेज आठवडाभर राहू द्या. तेवढ्या दिवसांत शोध नीट चालतो का, जुने स्कॅन उघडतात का, प्रत्येक मशीनचं सिंक पूर्ण होतं का ते दिसेल. मग 'डॉकर इमेज प्रून' द्या, वापरात नसलेल्या बिननावाच्या इमेज जातील. टॅगवर आकडा लिहिला असेल तर जुनी इमेज त्यात जाणार नाही, ती नाव देऊन वेगळी काढावी लागेल.

शेवटी ट्रिलियममध्येच 'अपडेटची नोंद' नावाचं पान करा : तारीख, जुने तीन आकडे, नवे तीन आकडे, काय अडलं. आणि ते पान छापून कोनाड्यात, लॅपटॉपखाली ठेवा. सर्व्हर बंद पडल्यावर सर्व्हर कसा चालू करायचा हे सर्व्हरमध्येच लिहून ठेवलेलं होतं, असंही आमच्याकडे होऊन गेलंय.